कोर्टात दिलेला शब्द

प्रिय बापू,

आपला रस्ता अडवणाऱ्या बांधशेजाऱ्याबद्दल फोनवर तू विचारलंस, "मग आता टाकतोस का त्याला आत?" तुझा आवाज भलताच खूश होता. पण प्रकरण इतकं सरळ नाही, म्हणून सविस्तर लिहितो.

ओढ्याकडच्या रानाचा रस्ता आपल्या लहानपणापासून तू पाहिलायस. वीस वर्षं उघड, बिनहरकत वहिवाट असली की १८८२च्या सुविधाधिकार कायद्याने दुसऱ्याच्या जमिनीतून जायचा हक्क मिळतो. आमची तर आजोबांपासूनची. तरी दावा निकालापर्यंत गेला नाही. बांधशेजाऱ्यानेच तडजोडीचं बोलणं काढलं. पुरशिस, म्हणजे तडजोडीचं लेखी निवेदन, कोर्टात दाखल झाली, त्यात त्याने लिहून दिलं की बारा फुटी रस्ता बैलगाडी-ट्रॅक्टरला बारमाही खुला ठेवीन. त्यावर कोर्टाचा हुकूमनामा झाला आणि कोर्टाबाहेर त्यानेच सगळ्यांना चहा पाजला.

पुढच्याच हंगामात तिथे लोखंडी फाटक आणि कुलूप. ऊसतोडीची टोळी आली, ट्रॅक्टर फाटकाशी उभा, याचा फोन बंद. मुकादम किती वेळ थांबणार? टोळी दुसऱ्याच्या फडात गेली. माझ्या उसाला तुरे आले, वजन घटलं. विचारलं तर म्हणतो, "गुरं शिरतात म्हणून फाटक. किल्ली मागितली तर देतोच की!" हे उत्तर त्याला कुणीतरी शिकवलंय. कारण १९७१च्या न्यायालय अवमान कायद्यात दिवाणी अवमान म्हणजे आदेश किंवा कोर्टाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं. रस्ता बंद होता एवढं दाखवून भागत नाही, त्याने तो मुद्दाम बंद केला हे दाखवावं लागतं.

वकीलबाईंनी आधी पुरशिस मागवली आणि एकच ओळ शोधली: "न्यायालयास हमी देतो." ती सापडली तेव्हा त्या पहिल्यांदा हसल्या. १९७९ साली सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात म्हटलंय की नुसत्या संमतीच्या आदेशात कोर्टाला दिलेली स्पष्ट हमी नसेल, तर तो मोडल्याने अवमान होत नाही. पुढच्या निकालांत हे थोडं सैल झालंय, पण ती ओळ असलेली बरी. तुझ्या भावकीचं प्रकरण तडजोडीला आलंय ना? सही करण्याआधी ती ओळ घालून घे.

आता शिक्षा ऐक. जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद आणि दंड २,००० रुपये. दोन हजार! टोळीला वरून द्यावी लागणारी खुशाली यापेक्षा जास्त होते. शिवाय मनापासून माफी मागितली असं कोर्टाला वाटलं तर शिक्षा माफही होते. हा गडी हात जोडण्यात पटाईत आहे, ते तुला सांगायला नको.

अर्ज उच्च न्यायालयात करायचा, आणि तोही अवमान घडल्यापासून वर्षाच्या आत. २०२५च्या ऑगस्टपासून कोल्हापूरला त्याच न्यायालयाचं सर्किट बेंच झालंय, त्यामुळे मुंबईची वारी टळली. पण अवमानाचा मामला मुळात कोर्ट आणि तो यांच्यातला, मी फक्त कळवणारा. मला तो आत जायला नकोय रे, ट्रॅक्टर आत जायला हवाय. त्यासाठी खालच्याच कोर्टात दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी करून घेण्याचा अर्ज, लावतोय. तिथे त्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, दिवाणी तुरुंगही आहे, आणि मुख्य म्हणजे कोर्ट माणूस नेमून त्याच्या खर्चाने फाटक काढून घेऊ शकतं. अवमानाचा अर्जही करणार आहेच. चहा पाजून फसवलं, ते मला पचलेलं नाही. अण्णा म्हणतात, शेजाऱ्याशी इतकं ताणू नये. त्यांचं ऐकून एकदा तडजोड केली, आता नाही.

तुझ्याकडून एक काम हवंय. तडजोडीनंतर तू गाडी घेऊन थेट विहिरीपर्यंत आला होतास, तेव्हा फोटो काढले होतेस. त्यात रस्ता मोकळा दिसतो, फाटक नाही. ते मूळ फोटो जपून ठेव. व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवू नकोस, त्यात तारीख-वेळेची माहिती निघून जाते, पेनड्राइव्हवर दे. सोबत एका प्रमाणपत्रावर तुझी सही लागेल, मसुदा वकीलबाई देतील. वहिनींना नमस्कार. येताना मोठी गाडी आणू नकोस, सध्या फाटकापासून चालतच यावं लागतं.

तुझा,
नाना