आत्याच्या दगडावर काय लिहायचं

डंडी, स्कॉटलंड
रविवार, 14 जून

प्रिय आई, दादा आणि वहिनी,

प्रभू येशूच्या नावात सप्रेम सलाम.

रात्रीचे साडेनऊ वाजलेत आणि खिडकीबाहेर अजून उजेड आहे. जूनमध्ये इथे दिवस मावळता मावळत नाही. तिकडे मृग लागला असेल. दादा, सरकी आणलीस का, की यंदा सगळ्या वावरात सोयाबीनच टाकणार? पहिल्या सरीला भुलून पेरणी करू नकोस. मागे दुबार पेरणीत काय गेलं ते आठव.

हे सगळं फोनवर बोलता आलं असतं, पण फोनवर आई रडायला लागते, मी गप्प होते आणि वहिनी विषय बदलते. म्हणून पत्र लिहितेय. दादा, तू हे आईला मोठ्याने वाचून दाखव. मधलं काही गाळू नकोस.

वहिनी, तू पाठवलेला बायोडाटा मी नीट वाचला. माणूस चांगला दिसतो. अमरावतीला नोकरी, पत्नी वारलेली, दोन लेकरं, मंडळीत, म्हणजे चर्चमध्ये, नेमाने येणारा. त्यांना नकार कळवताना ‘मुलीला पसंत नाही’ असं म्हणू नकोस. एक मोठं दुःख त्यांनी आधीच सोसलंय. मुलगी लग्नाचा विचार करत नाही, एवढंच सांग. ते खरंही आहे.

पण तुम्हाला तेवढं सांगून भागणार नाही. आई, मागच्या रविवारी तू म्हणालीस, “इतकी वर्षं उपवास-प्रार्थना करते, देव माझं ऐकत का नाही?” तेव्हापासून ते डोक्यातून जात नाही. आई, तू माझ्यासाठी भरलेलं घर मागितलंस. ते मला मिळालंय, असं मी म्हटलं तर तू मानशील का? तुला त्यात नवरा आणि लेकरं दिसत नाहीत म्हणून ते रिकामं वाटतं.

आजीनं आत्याबद्दल एकदा काय म्हटलं होतं, आठवतं? मी आठवीत असेन. उमरीच्या मिशन दवाखान्यातून आत्या सुटीवर आली होती. सवंगणी झालेली, अंगणात सरपणाला पऱ्हाट्यांचा, कापसाच्या वाळल्या झाडांचा, ढीग लावलेला. आजी कुणाला तरी सांगत होती, “वाळली पऱ्हाटी होय थे. ना बोंड, ना पाला.” आत्यानं ऐकलं. ढिगातल्या दोन काड्या मोडून चुलीत सरकवल्या आणि म्हणाली, “पऱ्हाटीनंच तं चूल पेटते, माय.” मग चहा ठेवला, सगळ्यांना दिला. त्या दिवशी मला ते नुसतं उत्तर वाटलं. पुढे नर्सिंगला असताना बायबलमधल्या यशयाच्या पुस्तकाचा 56वा अध्याय वाचला आणि थांबले. ज्याला मूल होणार नाही त्यानं ‘मी तर वाळलेलं झाड’ असं म्हणू नये, असं देव तिथे सांगतो. आपल्या घरात, आपल्या भिंतींच्या आत, मुलगे आणि मुली यांच्याहून चांगलं नाव मी त्याला देईन, असं वचन देतो. वंश चालणं हाच आशीर्वाद मानणाऱ्या लोकांना हे सांगितलं होतं. आत्यानं हा अध्याय वाचला होता की नाही, मला माहीत नाही. जगली मात्र ती तसंच.

तिची निळी वही माझ्याकडे आहे. येताना ट्रंकेतून मी मागून घेतली होती. आखलेले रकाने आहेत: तारीख, गाव, आईचं नाव, मुलगा की मुलगी, वजन, शेरा. बऱ्याच ठिकाणी शेऱ्यात दोनच शब्द आहेत, ‘प्रार्थना केली’. एका पानावर पाण्याचा डाग आहे आणि त्याखाली वजनाच्या जागी रेघ मारलीय. ते बाळ जगलं नसावं. तिथे शेऱ्यात लिहिलंय, ‘आईजवळ बसले. सकाळपर्यंत.’ घरी स्वतःची तान्ही लेकरं वाट बघत असती तर ती सकाळपर्यंत बसू शकली असती का? कदाचित बसलीही असती. संसार असलेल्या कितीतरी सिस्टर बसतात, मी पाहिलंय. पण त्यांना दोन ठिकाणी जीव टांगावा लागतो. प्रेषित पौल करिंथकरांना लिहिलेल्या पहिल्या पत्राच्या सातव्या अध्यायात हेच सांगतो. लग्न झालेल्याचं मन दोन्हीकडे वाटलं जातं. तो लग्नाला कमी लेखत नाही. प्रत्येकाला देवाकडून आपापलं कृपादान आहे, कुणाला एक, कुणाला दुसरं, असं म्हणतो. म्हणजे आई, तुझा संसार हे जसं देणं, तसंच आत्याचं एकटं असणंही देणंच.

मग आपल्या मंडळीत हे देणं कुणी मोजत का नाही? मी गावी असताना पस्तिशीनंतर मला बसायला जागाच उरली नव्हती. तरुण संघात गेले की पोरी ‘मावशी’ म्हणायच्या. महिला मंडळात गेले तर सगळं बोलणं सासू, सून आणि लेकरांच्या परीक्षांचं. हे वाईट वाटून लिहीत नाही, आपल्या लक्षात यावं म्हणून लिहितेय. आपण प्रॉटेस्टंट. मार्टिन ल्यूथरनं 1525 मध्ये काथारिना फॉन बोरा या मठ सोडलेल्या जोगिणीशी लग्न केलं. लग्न म्हणजे खालच्या पायरीचं जिणं नव्हे, हे त्यातून लोकांना दिसलं. फार चांगलं झालं. पण मग आपण दुसऱ्या टोकाला गेलो आणि लग्न न झालेल्याला अर्धं माणूस समजू लागलो. स्वतः प्रभू अविवाहित होता, हे आपण दर नाताळात आणि दर शुभ शुक्रवारी विसरतो. त्याच्यात काही कमी होतं असं म्हणायची कुणाची छाती आहे?

आणि आपल्याकडे सुवार्ता आणली कुणी? नागपूरला 1845 मध्ये मिशनरी हिस्लॉपसाहेब आले, हे दादानं शब्बाथशाळेत पाठ केलंय. पण त्यांच्यामागून दवाखान्यांत आणि मुलींच्या शाळांत ज्यांनी उभं आयुष्य घातलं, त्यांत कितीतरी ‘मिससाहेब’ होत्या. नावातच ‘मिस’. वेल्लोरचं रुग्णालय उभं करणाऱ्या डॉक्टर आयडा स्कडर अविवाहितच राहिल्या. पंडिता रमाबाईंचे पती 1882 मध्ये वारले, त्यांनी पुन्हा लग्न केलं नाही. 1896-97च्या दुष्काळात त्या मध्य प्रांतात गेल्या आणि उपाशी मुली, बालविधवा यांना घेऊन आल्या. त्यांच्या केडगावच्या घरात किती जणी वाढल्या! त्या घराला कुणी रिकामं म्हणेल का?

मी राहते त्या डंडीतही अशीच एक होऊन गेली. मेरी स्लेसर. अकराव्या वर्षापासून इथल्या गिरणीत अर्धा दिवस काम आणि अर्धा दिवस शाळा. आपल्या पांढरकवड्याच्या जिनिंगमध्ये बाया कापसाच्या धुळीत उभ्या असतात ना, तशीच ती कापडाच्या धुळीत. 1876 मध्ये ती आफ्रिकेत कॅलाबारला गेली. तिकडे जुळी मुलं अशुभ मानून टाकून देत. ती त्यांना उचलून आणायची आणि स्वतःच्या घरात वाढवायची. तिचंही लग्न एकदा ठरलं होतं. त्या माणसाची तब्येत आतल्या जंगलातलं राहणं सोसणार नाही म्हणून मिशननं परवानगी दिली नाही. ती काम सोडून मागे फिरली नाही, लग्न राहिलं. इथल्या संग्रहालयात तिच्या आयुष्यावरची रंगीत काचेची खिडकी आहे. सुटीच्या दिवशी कधी तरी मी तिच्यासमोर जाऊन उभी राहते.

दादा, आता तुझ्याशी. तू कधी बोलला नाहीस, पण मला माहीत आहे. माझं लग्न तुमच्या कर्जापायी राहिलं असं तुला वाटतं. 2017ला गुलाबी बोंडअळीनं पऱ्हाटी खाल्ली, बोंडं फोडली की आत अळी. त्याच वर्षी बाबांचं डायलिसिस सुरू झालं आणि माझा पगार घरात लागला. दोन स्थळं आली, दोन्ही गेली. हे मी निवडलं नव्हतं, खरं आहे. त्या काळात मी रात्री उशीत तोंड खुपसून रडलेसुद्धा. पण मत्तयाच्या शुभवर्तमानाच्या 19व्या अध्यायात लग्नाविना राहणाऱ्यांबद्दल प्रभू काय म्हणतो बघ. काही जण जन्मापासून तसे, काही माणसांनी केलेले तसे, आणि काही जण स्वर्गाच्या राज्यासाठी. आपल्या हातात नव्हतं ते ज्यांच्या वाट्याला आलं, त्यांनाही त्यानं त्याच यादीत घेतलं. माझी सुरुवात दुसऱ्यांत झाली. आज मी तिसऱ्यांत आहे, आणि हे मी माझ्या इच्छेनं म्हणतेय. तू ते ओझं खाली ठेव. माझ्यासाठी ठेव.

सोपं आहे असंही नाही. रविवारी उपासना संपली की सगळे जोडीजोडीनं गाड्यांत बसतात, तेव्हा घशात काहीतरी अडकतं. पवित्र शास्त्रात ‘बरे नाही’ हे पहिल्यांदा येतं ते माणसानं एकटं असण्याबद्दल, आणि तेव्हा पापसुद्धा आलेलं नव्हतं. म्हणजे ही ओढ काही पाप नव्हे. कृपादान म्हणजे मन दगडाचं होणं, असं कुणी समजू नये. आणि मोकळा वेळ आपोआप प्रभूचा होतो असंही नाही. इथे आल्यावर पहिली दोन वर्षं मी नुसती जादा पाळ्या करून पैसे साठवले, उरलेला वेळ झोपले आणि मोबाइल पाहिला. संसार नव्हता, आणि सेवाही नव्हती. एकटेपणानं मला खरं पोखरलं ते त्या दोन वर्षांत. मग आमच्या मंडळीतल्या एका केरळच्या सिस्टरचं लेकरू आजारी पडलं. तिचा नवरा गावाला गेलेला. मी चार रात्री तिच्याकडे राहिले. तिच्या मोठ्या मुलीची वेणी घालून शाळेत पाठवली. चौथ्या दिवशी ती पोरगी कंगवा घेऊन आपण होऊन माझ्यापुढे येऊन बसली. आता दर शुक्रवारी मी त्यांच्या घरीच जेवते.

“म्हातारपणी तुले कोन पाह्यन?” आजीचा प्रश्न आता आई विचारते. इथल्या वृद्धाश्रमात मी रोज ज्यांना अंघोळ घालते, त्यांतल्या बहुतेकांना मुलं आहेत. काही येतात, काहींना जमत नाही. लग्न म्हणजे म्हातारपणाचा विमा नव्हे, हे मी रोज बघते. प्रभूनं वधस्तंभावरून आईची सोय कशी लावली? तिला शिष्याकडे सोपवलं, आणि त्यानं तिला आपल्या घरी नेलं. रक्ताचं नातं नसताना. मला कोण बघेल याचं उत्तर प्रभूनं मंडळीवर सोपवलंय. म्हणून तुमच्याकडे तीन गोष्टी मागते.

देवळामागे निवृत्त शाळाबाई एकट्या राहतात. त्यांना दर रविवारी उपासनेनंतर जेवायला घरी आणा. पाहुण्या म्हणून नाही, वहिनीबरोबर भाजी निवडायला बसतील अशा. पहिल्यांदा ‘नको नको’ म्हणतील, तरी आणा.

दुसरं, आपल्या धाकटीचं नर्सिंग पुरं होऊ द्या. तिला लग्न करायचं असेल तर आनंदानं करा, मी विमानानं येईन, हळदीला नाचेन. पण ‘आत्यासारखी राहशील’ अशी भीती तिला घालू नका. मी पुढे लग्न करणारच नाही अशी शपथ मीही घेतलेली नाही. प्रभूच्या मनात काही असेल तर तो दाखवील. मी त्यासाठी दिवस मोजत बसलेली नाही, इतकंच.

तिसरं आत्याचं. तिला माती दिली तो ऑगस्टचा दिवस मला जसाच्या तसा दिसतो. नाल्याला पूर, काळ्या मातीत खड्डा खोदावा तितका पाण्यानं भरायचा. बाबा आणि दादा घमेल्यानं पाणी उपसत होते. पेटी उचलायला आपल्या घरचे पुरुष चारच. तेवढ्यात पलीकडच्या गावाहून माणसं आली, गुडघ्यापर्यंत चिखलात. कुणी कुणबी, कुणी बौद्ध, एक मुसलमान. एकानं चप्पल काढली आणि बाबांना म्हणाला, “आमाले सिस्टरबाईनंच जगात आनलं, आता तिले आमी नेतो.” आईनं तेव्हा पदर तोंडात धरला होता.

त्या कबरीवर अजून लाकडी क्रूसच आहे आणि त्यावर नावाआधी ‘कु.’ लिहिलंय. बहात्तर वर्षांच्या बाईला ‘कु.’. मी पैसे पाठवतेय, यवतमाळहून चांगला दगड आणा. त्यावर ‘कु.’ नको. ‘सिस्टर’ लिहा, मग नाव, दोन तारखा, ‘प्रभूमध्ये निद्रिस्त’, आणि खाली यशया 56. पाऊस लागायच्या आत दादानं कबरीची लांबी-रुंदी मोजून मला कळवावी. दगडावर आणखी एक ओळ मावणार असेल तर ती आईनं सुचवावी.

तुमची,
माई