मिशिगनलाही युद्ध होतंच की

कोलंबस, ओहायो

प्रिय बाळ्या,

तुझ्या दोन पत्रांना उत्तर दिलं नाही, रागावला असशील. तब्येत ठीक आहे. माईंचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नीट झालं हे वाचून जीव भांड्यात पडला. चकल्या अख्ख्या पोचल्या, वहिनींना सांग.

आता खरी गोष्ट. शनिवारी भाचा ओहायो स्टेट विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाचे जुने निकाल मोठ्याने वाचत होता. १९४२ : ९ विजय, १ हार, राष्ट्रीय विजेते. १९४३ : ३ विजय, ६ हार. "मामा, एका वर्षात कोच खेळ विसरला का?" बाळ्या, हे तुझंच वाक्य! तेव्हाचा कोच पॉल ब्राउन, आणि तुझ्या वहीत १९४३समोर लाल शाईने 'ब्राउन फसला' लिहिलंयस. मी दुसऱ्या महायुद्धाचं नाव काढलं की तू प्रतिस्पर्धी मिशिगन विद्यापीठाकडे बोट दाखवून म्हणायचास, "मिशिगनलाही युद्ध होतंच की." त्यावर मला बोलता आलं नव्हतं. ते तेव्हापासून डोक्यात घोळतंय.

होतं ना. पण सगळ्यांच्या वाट्याला ते सारखं आलं नाही. नोव्हेंबर १९४२मध्ये सक्तीच्या भरतीचं वय १८वर आलं आणि कॉलेजं रिकामी व्हायला लागली. मग १९४३मध्ये सैन्याने स्वतःचेच विद्यार्थी कॉलेजांत शिकायला पाठवले. नौदलाची योजना व्ही-१२, लष्कराची एएसटीपी. व्ही-१२च्या मुलांना १७ क्रेडिटचा अभ्यास आणि आठवड्याला साडेनऊ तास कसरत. त्याउपर कॉलेजच्या संघात खेळायची मुभा. एएसटीपीचा आठवडा ५९ तासांचा : २४ तास वर्ग आणि प्रयोगशाळा, २४ तास सक्तीचा अभ्यास, ५ तास लष्करी शिक्षण, ६ तास व्यायाम. आणि कॉलेजच्या सामन्यांत खेळायला मनाई. मिशिगनला व्ही-१२ मिळालं. ओहायो स्टेटच्या फुटबॉलच्या नशिबी एएसटीपी.

व्ही-१२मुळे मिशिगनकडे त्या वर्षी दुसऱ्या विद्यापीठांतून कोण आलं आठव. विस्कॉन्सिनचा एलरॉय हर्श, मिनेसोटाचा बिल डेली. हर्शच्याच विस्कॉन्सिनने १९४२मध्ये ब्राउनला त्या मोसमातली एकमेव हार दाखवली होती, १७–७. इलिनॉयचे ॲलेक्स अगासी आणि टोनी बुटकोविच तसेच पर्ड्यू विद्यापीठात गेले, पर्ड्यू एकही सामना हरलं नाही. इलिनॉय ३ जिंकलं, ७ हरलं! बुटकोविच पुढे १९४५मध्ये ओकिनावाला मारला गेला. हे लिहिताना हात थांबतो रे.

ब्राउनकडे उरली सतरा वर्षांची पोरं आणि सैन्याने नाकारलेले थोडे जण. लोक त्यांना 'बेबी बक्स' म्हणायचे. बिल विलिससारखा टॅकल होता, पण लाइन, म्हणजे पुढची फळी, एकट्याने तोलता येत नाही. त्यांची सिंगल विंगची रचना तुला माहीत आहे : सेंटर मान खाली घालून पायांमधून कित्येक यार्ड मागे चेंडू देतो, तोही धावणाऱ्याच्या पुढच्या पावलाचा अंदाज घेऊन. तेवढ्यात गार्ड जागा सोडून आडवा धावतो आणि फळीतले दुसरे दोघे मिळून समोरच्या एकाला बाजूला सारतात. गार्ड अर्धं पाऊल उशिरा निघाला की चेंडू घेऊन येणारा त्याच्याच पाठीवर आदळतो. ही घडी एकत्र खेळून खेळून बसते. त्यात बाकावर बदली नसले की चौथ्या क्वार्टरला तीच पोरं उभी, पाय जड झालेले.

इलिनॉयविरुद्धचा सामना तर तुला तोंडपाठ आहे. २६–२६, वेळ संपली, दोन्ही संघ कपडे बदलायला गेले. मग कळलं की शेवटच्या खेळीत इलिनॉय ऑफसाइड होतं, म्हणजे चेंडू सुटण्याआधीच पुढे सरकलं होतं. सुमारे वीस मिनिटांनी सगळ्यांना परत बोलावलं आणि जॉन स्टंगिसने तीन गुणांचा फील्ड गोल मारला, २९–२६. हा तुझा आवडता किस्सा, मी कधीच नाकारला नाही! पण पुढच्याच सामन्यात मिशिगनने ४५–७ चोपलं, तेव्हा तू टेबलावर हात आपटून 'बघ' म्हणाला होतास.

आता तू बघ. १९४४मध्ये तेच ओहायो स्टेट : ९ विजय, हार एकही नाही. ब्राउन नौदलात गेला होता. त्याचाच साहाय्यक कॅरोल विडोज कोच झाला, आणि लेस होर्वाथला हाइझमन, म्हणजे वर्षातल्या सर्वोत्तम कॉलेज खेळाडूची ट्रॉफी मिळाली. हा होर्वाथ १९४३मध्ये कुठे होता? त्याच विद्यापीठात, दंतवैद्यकी शिकत. एएसटीपीमध्ये, म्हणून मैदानाबाहेर. याहून मोठा पुरावा माझ्याकडे नाही.

मात्र एका ठिकाणी तुझं खरं आहे. १९४३मध्ये ब्राउनची पोरं इंडियानाकडून २०–१४ हरली, आणि इंडियानाचा हुकमी खेळाडू बॉब हर्नशमायर स्वतः पहिल्या वर्षाचा पोरगा होता. ती हार मी लष्कराच्या खात्यात टाकू शकत नाही.

तुझ्याच क्रिकेटचं घे. त्याच १९४३च्या डिसेंबरात मुंबईत ब्रेबोर्नवर पंचरंगीच्या अंतिम सामन्यात विजय हजारेंनी ३८७पैकी ३०९ केल्या. भाऊ विवेकबरोबर ३०० धावांची भागी, त्यात भावाच्या २१! त्यांचा संघ 'रेस्ट' तरी डावाने हरला. तिथे तू 'हजारे फसले' लिहिलंस का? नाही. समोरच्या रकान्यात ३०९ लिहिलंस आणि खाली दोन रेघा ओढल्यास.

तेव्हा वही काढ. 'ब्राउन फसला' खोडू नकोस, तुझं अक्षर आहे ते. शेजारी निळ्या शाईत 'एएसटीपी' लिही. इंडियानाच्या सामन्यापुढची लाल खूण तशीच राहू दे.

सईचा बारावीचा निकाल लागला की लगेच कळव.

तुझा,
नंदू