बार्शी लाईटच्या मास्तरांना

आदरणीय मास्तर,
सप्रेम नमस्कार.

पत्रात नाव घालायचं नाही असं तुम्ही बजावून सांगितलंत, म्हणून नुसतं मास्तर. लातूर ते मिरज या पट्ट्यात ‘बार्शी लाईट’ या छोट्या गाडीच्या स्टेशनांवर ज्यांनी उभा जन्म काढला ते सगळे लोकांच्या तोंडी मास्तरच होते. तेव्हा हे आभार तुमच्याबरोबर त्यांनाही पोचले तर बरंच आहे. पत्र जाहीर लिहिते आहे, कारण तुम्ही आमच्या नववीच्या वर्गासाठी जे केलंत ते चार लोकांना कळायला हवं असं मला मनापासून वाटतं.

आमच्या शाळेतली निम्मी मुलं रोज ‘जुनी रेल्वे लाईन’वरून चालत येतात. लातुरात तो आता एक रस्ता आहे. क्लासेस, मेडिकल, झेरॉक्सची दुकानं. पत्ता सांगताना सगळे ते नाव घेतात, पण तिथे कुठली रेल्वे होती, कुठून यायची, काय आणायची हे वर्गात एकालाही सांगता येईना. गावच्या इतिहासाचा प्रकल्प घ्यायचा ठरला तेव्हा हाच विषय घेऊ म्हटलं. कुणीतरी तुमचा फोन नंबर दिला, आणि तुम्ही पुढच्याच आठवड्यात कुर्डुवाडीहून गाडीत बसून शाळेत हजर झालात. ऐंशीच्या घरातला माणूस, खांद्याला पिशवी, आणि पिशवीत लोखंड.

तो रुळाचा हातभर तुकडा तुम्ही टेबलावर ठेवलात आणि सगळ्यात बारीक चणीच्या मुलीला म्हणालात, “उचल बरं.” तिने तो एका हाताने उचलला. वर्गातली कुजबूज तिथेच थांबली. हा तीस पौंडी रूळ, म्हणजे मीटरला साधारण पंधरा किलो, आणि आज मोठ्या लाईनीवर आहे तो मीटरला साठ किलोचा, हे तुम्ही त्यानंतर सांगितलंत. आधी हातात वजन, मग आकडा. मी इतकी वर्षं शिकवते आहे, पण इतिहासाच्या तासाची अशी सुरुवात मी पाहिली नव्हती.

एवढ्याशा रुळावरून गाडी कशी धावायची, हा प्रश्न मग मुलांनीच विचारला. एव्हरार्ड कॅलथ्रॉप हे नाव आम्ही तेव्हा पहिल्यांदा ऐकलं. १८८२ मध्ये हा इंग्रज इंजिनिअर जीआयपी, म्हणजे ग्रेट इंडियन पेनिन्सुला, रेल्वेच्या नोकरीत हिंदुस्थानात आला. त्याचं म्हणणं असं की मोठ्या लाईनीला जोडणाऱ्या फाट्यांसाठी मोठ्या लाईनीचा खर्च कशाला? अडीच फुटी रूळ टाका, पण डबे आणि इंजिनं नीट विचार करून बांधा. कुठल्याही आसावर पाच टनांपेक्षा जास्त भार येऊ द्यायचा नाही, हा त्याचा नियम. तुम्ही फळ्यावर त्याच्या पहिल्या इंजिनाची चाकं काढून दाखवलीत. लीड्सच्या किट्सन कारखान्यात घडलेलं ते इंजिन, एकमेकांना जोडलेली आठ चाकं आणि मागे आणखी चार. पालखीला भोई वाढवले की एकेकाच्या खांद्यावरचा भार कमी होतो, तसं, असं तुम्ही म्हणालात आणि शेवटच्या बाकापर्यंत सगळ्यांना ते पटलं. पंढरीची वाट धरणारी ही लाईन, तिला पालखीचाच दाखला शोभतो.

या माणसाची पुढची हकिकतही तुम्ही सांगितलीत. बार्शीनंतर त्याने इंग्लंडात लीक आणि मॅनिफोल्ड खोऱ्याची छोटी लाईन बांधली, ती १९०४ ला सुरू झाली. नंतर तो विमानातून उडी घेणाऱ्यांसाठी पॅराशूट तयार करण्याच्या मागे लागला. मुलांना ते फार आवडलं. मला मात्र जास्त मोलाची वाटली ती बार्शीच्या बाजारपेठेची तुम्ही करून दिलेली उकल. इंग्रजी अंमलातलं बार्शी गाव निजामाच्या मुलखाला लागून, त्यामुळे मराठवाड्याचा कापूस, करडई, जवस सगळं बैलगाड्यांनी तिथे येऊन पडायचं आणि पुन्हा बैलगाड्यांनीच मोठ्या लाईनीवरच्या बार्शी रोड स्टेशनला, म्हणजे आजच्या कुर्डुवाडीला, जायचं. पावसाळ्यात काळ्या मातीत गाड्या रुतायच्या. हे वीस-एकवीस मैल रुळाने जोडायचे म्हणून लंडनमध्ये १८९५ ला कंपनी निघाली आणि मार्च १८९७ मध्ये पहिली गाडी बार्शीला पोचली. १९०६ मध्ये लाईन एकीकडे तडवळ्यापर्यंत आणि दुसरीकडे पंढरपूरपर्यंत गेली, १९११ ला लातूर, १९२७ ला मिरज. सगळी मिळून २०२ मैल, सव्वातीनशे किलोमीटर.

मास्तर, तारखा पुस्तकातही सापडल्या असत्या. स्टेशनं सापडली नसती. तुमच्या त्या निळ्या रेघांच्या वहीत प्रत्येक स्टेशनला एक पान आहे, आणि त्यावर इमारतीबद्दल फार कमी आणि मालाबद्दल, माणसांबद्दल भरभरून लिहिलं आहे. कुर्डुवाडीच्या पानावर सगळ्यात जास्त मजकूर. तिथे छोट्या लाईनीचा कारखाना, आणि तिथेच रुळांची रुंदी बदलत असल्यामुळे प्रत्येक गाठ, प्रत्येक पोतं एका डब्यातून उतरवून दुसऱ्यात चढवायचं. प्रेस केलेली कापसाची पक्की गाठ पावणेदोनशे किलोच्या आसपास भरते. हे काम यंत्राने नाही, हमालांनी केलं, पिढ्यान्‌पिढ्या केलं. ‘लाईट’ रेल्वेचं खरं ओझं कुणाच्या पाठीवर होतं ते तुमच्या त्या एका पानाने आम्हाला दाखवलं.

आणि त्यावर तुम्ही थांबला नाहीत. आमच्या वर्गातल्या एका मुलाचे आजोबा लातूरच्या मालधक्क्यावर हमाल होते असं कळल्यावर तुम्ही हट्टाने त्यांना शाळेत बोलावून घेतलंत. तुम्ही खुर्चीवरून उठलात आणि त्यांना तिथे बसवलंत. त्यांनी गाठ ओढायचा लोखंडी आकडा दाखवला, तो गाठीत कुठे टोचायचा, पाय कसा रोवायचा, दोघांनी एकदम “हां” कधी म्हणायचं, हे सगळं करून दाखवलं. त्यांचा नातू पहिल्या बाकावर बसून हे लिहून घेत होता. त्या दिवसाबद्दल तुमचे वेगळे आभार मानायला हवेत, आणि ते मानते.

येडशीच्या पानावर बालाघाटाचा चढ आहे. तडवळ्याच्या पानावर २२ आणि २३ फेब्रुवारी १९४१ या तारखा ठळक लिहून खाली दुहेरी रेघ मारली आहे. त्या दिवशी तिथे बाबासाहेब आंबेडकरांच्या उपस्थितीत महार-मांग वतनदार परिषद भरली होती. निजामाच्या राज्यातलं ते एक खेडं. ढोकीच्या पानावर साखर कारखाना, मुरूडच्या पानावर बाजार. आणि पंढरपूरच्या पानावर आषाढी. डबे अपुरे पडायचे, मग मालडब्यांतूनही वारकरी न्यायचे. ज्या लाईनीचा जन्म कापसासाठी झाला ती पुढे लोकांच्या मनात विठोबाची गाडी म्हणून राहिली, हे मला त्या वहीनेच शिकवलं.

लातूरच्या पानावर आम्ही सगळ्यात जास्त रेंगाळलो. १९११ ला गाडी आली, १९१७ ला गंजगोलाई उभी राहिली. आमची मुलं त्या गोल बाजारात लहानाची मोठी झाली. तिला येऊन मिळणारे सोळा रस्ते ती बोटांवर मोजतात. पण एवढा बाजार आखायचं धाडस कशाच्या भरवशावर झालं असेल, हा विचार आम्ही कुणी केला नव्हता. माल बाहेर जायची सोय झाली होती, गाडी दारात उभी होती. माझ्या मते लातूरचा इतिहास शिकवताना स्टेशन आधी यावं आणि गोलाई नंतर.

एका गोष्टीचं मला फार कौतुक वाटलं. छोटी गाडी गेली म्हणून तुम्ही मुलांसमोर हळहळ व्यक्त केली नाहीत. एका मुलीने विचारलं, “तुम्हाला वाईट नाही वाटलं?” तुम्ही म्हणालात, “ब्रॉडगेज हवीच होती पोरी. आम्ही अर्ज करकरून मागितली होती.” १ जानेवारी १९५४ ला सरकारने कंपनी विकत घेतली, तेव्हापासून लोक मोठ्या लाईनीची वाट बघत होते. ती टप्प्याटप्प्याने झाली आणि लातूरकडच्या मार्गात उस्मानाबाद, म्हणजे आजचं धाराशिव, रेल्वेच्या नकाशावर आलं, जे छोट्या लाईनीवर कधीच नव्हतं. आज लातूरजवळच्या हरंगुळला रेल्वेचे डबे बनवायचा कारखाना उभा आहे. छोट्या गाडीच्या काळात तिथे काय होतं ते तुमच्या वहीत दोन ओळींत आहे.

मग तुम्ही २०१६ चा विषय काढलात. आमच्या या मुलांना तेव्हाचं जेमतेम आठवतं, आम्हाला मात्र सगळं आठवतं. नळ महिना महिना कोरडे, टँकरपुढे घागरींच्या रांगा. १२ एप्रिलला मिरजेहून पाण्याची पहिली गाडी आली, दहा टाक्या, पाच लाख लिटर. लोकांनी तिला ‘जलदूत’ म्हटलं. ती कुठून आली हे तुम्ही मुलांना नकाशावर बोट ठेवून दाखवलंत. मिरज, सांगोला, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, लातूर. थोडीफार वळणं बदलली, तरी हीच बार्शी लाईट. कापूस न्यायला टाकलेल्या वाटेने कृष्णेचं पाणी आलं. त्या उन्हाळ्यात मी स्वतः त्या पाण्याची घागर भरली आहे मास्तर, पण ते कुठल्या वाटेने आलं हे मला तुमच्याकडून कळलं.

मुलांच्या प्रकल्पात तुम्ही एकच दुरुस्ती सुचवलीत आणि ती सगळ्यांनी मनावर घेतली. शेवटच्या पानावर फक्त कॅलथ्रॉपचं नाव होतं. तुम्ही म्हणालात, त्याच्या खाली बाकीचेही लिहा: गँगमन, पॉइंट्समन, खलाशी, फायरमन, गार्ड, गेटमन, हमाल. नावं माहीत नसतील तर कामं लिहा. आता ते पान तसंच आहे आणि प्रत्येक कामापुढे ते काम काय होतं ते दोन-तीन ओळींत लिहिलं आहे. फायरमनच्या ओळी वाचून आमच्या मुख्याध्यापकांनी ते पान मोठं करून व्हरांड्यात लावलं.

तुमची वही कव्हर घालून परत पाठवते आहे. सगळ्या पानांची नक्कल मुलांनी हाताने उतरून घेतली आहे, प्रत्येकाला एक स्टेशन. जुन्या पुठ्ठ्याच्या तिकिटांचं पाकीटही आत आहे. तीही मोजून घ्या, मुलं फार हाताळत होती.

एक विनंती आहे. वहीत सांगोल्याच्या पुढची पानं अर्धवट आहेत. जत रोड, ढालगाव, कवठे महांकाळ, सलगरे, बेळंकी, आरग, यांची नुसती नावं आहेत, खाली मजकूर नाही. त्या बाजूला नोकरी केलेले तुमचे एक सोबती मिरजेला असतात असं तुम्ही म्हणाला होतात. दिवाळीच्या सुट्टीत आम्ही पाच-सहा जण त्यांच्याकडे जाऊ म्हणतो. तेवढं त्यांना आधी फोन करून ठेवा. तुम्हीही चला, पण काकूंची परवानगी घेऊनच. मागच्या वेळी दमून आलात म्हणून त्या माझ्यावर रागावल्या होत्या. त्यांना नमस्कार सांगा, आणि शेंगदाण्याची चटणी वहीबरोबर पाठवली आहे ती त्यांच्यासाठी आहे.

आपली नम्र,
नववीच्या वर्गाची बाई, लातूर