सोंगटी कशी चालवायची, ते मराठीतही पूर्ण छापा

दिनांक : 18 नोव्हेंबर 2024

प्रति,
ग्राहक सेवा विभाग

विषय : आपल्या प्रश्नमंजूषा पटाच्या मराठी नियमपत्रकात सोंगटीच्या चालीचे नियम अपुरे व चुकीचे असल्याबाबत

महोदय / महोदया,

स. न. वि. वि.

आपला प्रश्नमंजूषेचा पट मी ऑक्टोबरमध्ये 1,299 रुपयांना घेतला, तो माझ्या मोठ्या बहिणीसाठी. ताई 71 वर्षांची आहे. तिने बत्तीस वर्षे शाळेचे ग्रंथालय सांभाळले. आजही कोणत्या संताचा कोणता अभंग, कोणती नदी कुठे उगम पावते, हे घरात कुणाला अडले की सगळे तिलाच फोन करतात. यंदा तिने बजावले होते, "साडी आणू नकोस, कपाट भरलंय." म्हणून 3 नोव्हेंबरला, भाऊबीजेला, ओवाळणी म्हणून मी तबकाशेजारी आपली पेटी ठेवली.

प्रश्न उत्तम आहेत. मराठी स्वच्छ आहे, उत्तरांत आम्हाला चूक सापडली नाही, चित्रांची छपाईही सुरेख आहे. माझी तक्रार फक्त सोंगटीच्या चालीबद्दल आहे. पण त्या चालीमुळेच आमचा डाव मोडला, म्हणून ती सविस्तर लिहितो.

जेवणानंतर आम्ही सहाजण बसलो. दोन तासांत ताईने सहाच्या सहा पाकळ्या जमवल्या (एकेका विषयाच्या खास घरात, म्हणजे पाकळीघरात, बरोबर उत्तर दिले की त्या विषयाची पाकळी मिळते). आता मध्यघरात जायचे आणि शेवटचा प्रश्न सोडवायचा, एवढेच उरले होते. तिची सोंगटी मध्यघरापासून एका घरावर उभी होती. दान पडले चार. माझा भाचा म्हणाला, "मावशी, एकच पाहिजे. जास्त पडलं तर सोंगटी हलत नाही, लूडोसारखं." मी आपले पत्रक उघडले. त्यात होते : "सोंगटी एकाच दिशेने न्यावी. मध्यघरात अचूक प्रवेश करावा." या दोन वाक्यांवरून भाच्याला चूक ठरवता येईना. ताई थांबली. पुढे सहा, दोन, पाच, पुन्हा चार. पाच पाळ्या तिची सोंगटी जागची हलली नाही आणि त्या पाचही पाळ्यांत तिला एकही प्रश्न विचारला गेला नाही. बाकीचे खेळत राहिले, ती बघत राहिली. सहाव्या पाळीला ती म्हणाली, "तुम्ही खेळा रे, मी चहा ठेवते." त्यानंतर ती पटावर आली नाही.

यात तिचे नशीब वाईट नव्हते. हवे ते दान पडण्याची शक्यता दर वेळी सहात एक असते. सलग पाच दानांत ते एकदाही न पडण्याची शक्यता सुमारे 40 टक्के येते. म्हणजे हा नियम असाच वाचला तर आपला पट घेणाऱ्या कितीतरी घरांत जो सगळ्यात पुढे तोच गप्प बसून राहणार.

घरी आल्यावर मी पेटीतले इंग्रजी पत्रक काढून मराठी पत्रकाशेजारी ठेवले आणि ओळ न् ओळ ताडून पाहिली. चालीबद्दल इंग्रजीत चौदा वाक्ये आहेत, मराठीत चार. ज्याला इंग्रजीत नेमक्या मोजणीने मध्यघरात उतरणे म्हटले आहे, त्याचे मराठीत "अचूक प्रवेश" झाले आणि मोजणी हा शब्दच गळाला. पुढचे वाक्य तर पूर्णच गाळले आहे : दान जास्त पडले तर सोंगटी मध्यघरातून पलीकडे न्यावी आणि नंतर परत येण्याचा प्रयत्न करावा. भाऊबीजेच्या रात्री ताईला हवे होते ते हेच वाक्य.

या वाक्याने काय फरक पडतो तो आपल्याच पटावर दाखवतो. पट चाकासारखा आहे. मध्ये एक घर, तिथून निघणारे सहा आरे, प्रत्येक आऱ्यावर पाच घरे, आऱ्याच्या टोकाला पाकळीघर, आणि बाहेरच्या वर्तुळावर दोन पाकळीघरांच्या मध्ये सहा-सहा घरे. सगळी मिळून 73. मध्यघरापासून पाकळीघर सहा पावलांवर. ताई मध्यघरापासून एका घरावर असताना चार पडले, तर ती मध्यघर ओलांडून उरलेल्या पाच आऱ्यांपैकी कुठल्याही आऱ्यावर तीन घरे जाऊ शकत होती. नाहीतर उलट बाहेरच्या बाजूला चार घरे. म्हणजे तिच्यापुढे सहा घरे खुली होती आणि त्या प्रत्येक घरात एक प्रश्न होता. उत्तर बरोबर आले की त्याच पाळीत पुन्हा फासा, पुन्हा चाल. ज्याला उत्तरे येतात त्याला मध्यघर गाठायची संधी एका पाळीत तीन-तीन, चार-चार वेळा मिळते. इथे सोंगटी माहितीच्या जोरावर चालते आणि फासा फक्त वाट दाखवतो. ते वाक्य गाळले की सगळी सूत्रे फाशाकडे जातात.

या जातीचा पट मुळात कॅनडात तयार झाला. डिसेंबर 1979 मध्ये मॉन्ट्रियलला ख्रिस हेनी आणि स्कॉट ॲबट या दोन पत्रकारांनी ट्रिव्हियल परस्यूट आखला आणि 1981 मध्ये तो विक्रीला आला. सहा विषय, सहा आरे, मध्ये षट्कोन, अशी ती रचना. मध्यघरात नेमक्या दानानेच उतरायचे हा नियम तिथेही आहे, पण त्याच्या जोडीला सोंगटी अडकून न पडता पलीकडे जाण्याची सोयही आहे. ही दोन वाक्ये एकमेकांसाठीच आहेत. आपण त्यातले एक ठेवले आणि एक काढून टाकले.

"एकाच दिशेने" या शब्दांनीही तेवढाच घोळ घातला. म्हणायचे असे होते की एकाच दानात पुढे जाऊन मागे फिरू नये. पण आमच्याकडे त्याचा अर्थ सरळ रेषेत असा लावला गेला. मग मध्यघरातून फक्त समोरच्या आऱ्यावर जाता येते, डावी-उजवी वाट बंद. पाकळीघराशी तर सरळ रस्ताच नाही, तिथे आरा वर्तुळाला मिळतो, आणि तिथे काय करायचे यावर पंधरा मिनिटे वाद झाला. खरे तर नियम साधा आहे : जिथे वाटा फुटतात तिथे खेळाडूने आलेली वाट सोडून हवी ती धरावी.

आणखीही आहे. वर्तुळावर काही घरांत "पुन्हा फिरवा" छापले आहे. दहा वर्षांच्या नातीने निरागसपणे पट फिरवला आणि कुणालाच तिला चूक म्हणता येईना. "पुन्हा फासा टाका" एवढेच लिहायचे होते. दोन सोंगट्या एका घरात आल्या तर काय, याबद्दल मराठीत एक अक्षर नाही. आपल्या घराघरांत लूडो आणि त्याआधी सारीपाट खेळला गेला आहे. घरात दुसरी सोंगटी दिसली की ती मारायची हे मुलांच्या हातातच बसलेले असते. भाच्याच्या मुलाने माझी सोंगटी दोनदा मारून मध्यघरात परत पाठवली. इंग्रजीत स्पष्ट लिहिले आहे की एका घरात कितीही सोंगट्या राहू शकतात. पाकळीघरातल्या प्रश्नाचे उत्तर चुकले तर पुढच्या पाळीत तिथून बाहेर पडून पुन्हा यावे लागते, हेही मराठीत नाही. पाकळ्या पूर्ण होण्याआधी मध्यघरात आल्यास विषय आपण निवडायचा, हेही नाही.

मी 6 नोव्हेंबरला आपल्या मदत क्रमांकावर फोन केला. उत्तर मिळाले, "खेळाडूंनी आपसात ठरवावं." फोनवरच्या मुलीचा यात दोष नाही, तिच्यासमोरही बहुधा तेच चार वाक्यांचे पत्रक असावे. पण आपसात ठरवायचे असते तर आम्ही नियमपत्रक असलेला पट कशाला घेतला असता? इंग्रजी वाचणाऱ्याला चौदा वाक्ये आणि मराठी वाचणाऱ्याला चार, दाम मात्र दोघांनाही सारखाच. पेटीवर मोठ्या अक्षरांत "संपूर्ण मराठीत" असे छापले आहे, म्हणूनच मी ती उचलली होती. वस्तूबद्दल दिलेली माहिती खरी आणि पुरेशी असणे हा ग्राहक संरक्षण कायदा 2019 नुसार माझा हक्क आहे.

मला पैसे परत नकोत आणि पटही परत करायचा नाही. चालीचे सगळे नियम मराठीत नव्याने लिहून घ्यावेत. शब्दाला शब्द लावणाऱ्या माणसाकडून ते लिहून घेऊ नयेत. जो स्वतः दोन डाव खेळला आहे त्याच्याकडून घ्यावेत. सोबत पटाचे चित्र द्यावे आणि एका दानात कुठे कुठे जाता येते ते बाणांनी दाखवावे. पुढच्या छपाईत ते पेटीत घालावे आणि ज्यांनी आधीच पट घेतला आहे त्यांना मागितल्यास टपालाने पाठवावे. पटावरचे "पुन्हा फिरवा" बदलता येत नसेल तर त्यावर चिकटवायला पट्ट्या द्याव्यात. मी दोन्ही पत्रके ताडून केलेली टिपणे आणि बिलाची प्रत सोबत जोडली आहे. मसुदा तपासायला हवा असेल तर तो मी आनंदाने तपासून देईन, त्याचे काही घेणार नाही.

पंधरा दिवसांत लेखी उत्तर यावे ही विनंती. ते न आल्यास मी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या 1915 या क्रमांकावर तक्रार नोंदवीन.

नवे पत्रक तयार झाल्यावर त्याच्या दोन प्रती पाठवाव्यात, एक माझ्या पत्त्यावर आणि एक ताईच्या. दोन्ही पत्ते बिलासोबतच्या कागदावर आहेत. 14 जानेवारीला संक्रांतीसाठी आम्ही सगळे पुन्हा ताईकडे जमणार आहोत. त्या रात्रीच्या सहाही सोंगट्यांची घरे मी वहीत लिहून ठेवली आहेत. मोडलेला डाव तिथूनच पुढे सुरू करायचा आहे, आणि पहिले दान ताईचे आहे.

कळावे,

आपला विश्वासू,
एक ग्राहक, सातारा

सोबत : बिलाची प्रत, दोन्ही पत्रकांच्या तुलनेची टिपणे