चिनी नावे इंग्रजीतून नको, थेट मराठीत लिहू या

मा. संपादक,
स. न. वि. वि.

तिबेटात ब्रह्मपुत्रेवर चीन बांधत असलेल्या धरणाच्या बातम्या मराठी वृत्तपत्रांत वरचेवर येतात. नदीचे नाव एका ठिकाणी 'यार्लुंग त्सांगपो', तर दुसरीकडे 'यारलुंग झांगबो' असे छापले जाते. या दोन वेगळ्या नद्या आहेत, असेच कोणालाही वाटेल. चीनच्या अधिकृत रोमन लेखनात, म्हणजे पिनयिनमध्ये, 'झेड' या अक्षराचा उच्चार 'त्स' आणि 'बी'चा उच्चार 'प' आहे. चिनी वार्ताहर ते लेखन त्सांगपो असेच वाचतो. आपण तीच अक्षरे इंग्रजी समजून वाचतो आणि झांगबो नावाची नसलेली नदी तयार होते. 'क्विंग राजवट', 'ली क्वियांग', 'झिनजियांग', 'डेंग झियाओपिंग' ही रूपे याच वाटेने मराठीत आली.

पिनयिनचा आराखडा चीनच्या राष्ट्रीय लोकप्रतिनिधी सभेने ११ फेब्रुवारी १९५८ रोजी मंजूर केला. शाळकरी मुलांना चिनी अक्षरांचे उच्चार शिकवणे आणि 'फूथुंगह्वा' ही प्रमाण बोली देशभर पोहोचवणे हा त्यामागचा हेतू होता. परदेशी वाचकाची सोय पाहून तो आखलेला नाही. म्हणूनच 'क्यू' आणि 'एक्स' ही रिकामी पडलेली रोमन अक्षरे चिनीतल्या दोन ध्वनींना निःसंकोच देऊन टाकली गेली. १९७९पासून चीन सरकारने परदेशी भाषांतल्या मजकुरातही पिनयिन वापरायला सुरुवात केली, १९८२ साली ते आंतरराष्ट्रीय मानक झाले, आणि इंग्रजी वृत्तसंस्थांमार्फत ते आपल्या टेबलावर आले. (नियमाने 'पिनयिन' हेही 'फिनयिन' असे लिहायला हवे. पण ते रूढ झाले आहे, तेव्हा इथे तसेच ठेवतो.)

प्रमाण चिनीत ग, ड, द, ब यांच्यासारखे घोष स्पर्शवर्ण नाहीत. तिथे भेद आहे तो प आणि फ, त आणि थ, क आणि ख यांच्यात, म्हणजे अल्पप्राण आणि महाप्राण यांच्यात. रोमन लिपीत त्यासाठी वेगळी अक्षरे नसल्याने पिनयिनने बी-पी, डी-टी, जी-के या जोड्या कामाला लावल्या. आपल्या बाराखडीत मात्र हा भेद आयता आहे. तोंडासमोर कागदाची पातळ पट्टी धरून 'ताट' आणि 'थाट' म्हणून पाहावे. 'थाट' म्हणताना पट्टी हलते, 'ताट' म्हणताना जवळजवळ स्थिर राहते. पिनयिनमधल्या 'डी' आणि 'टी' यांत नेमका तेवढाच फरक आहे.

म्हणून 'बी' दिसला की प, 'पी'ला फ. 'डी'ला त, 'टी'ला थ. 'जी'ला क, 'के'ला ख. 'जे' म्हणजे च, 'क्यू' म्हणजे छ, 'एक्स' म्हणजे श. एवढ्यावरच शी चिनफिंग, ली छ्यांग, छिंग राजवट, शिनच्यांग ही नावे सरळ होतात. चिनी आकाशवाणीची हिंदी सेवा 'शी चिनफिंग' आणि 'पेइचिंग' (बीजिंग) अशीच रूपे वापरत आली आहे.

'झेड-एच' म्हणजेही च, फक्त जीभ थोडी मागे वळवून. मग 'जे' आणि 'झेड-एच' दोन्हींना च लिहिला तर घोटाळा होणार नाही का? होत नाही. 'जे'नंतर नेहमी इ किंवा यु-सारखा स्वर येतो आणि 'झेड-एच'नंतर तो कधीच येत नाही. त्यामुळे च्यांग आणि चांग ही आडनावे देवनागरीत आपोआप वेगळी पडतात. 'क्यू' आणि 'सी-एच' या दोघांना छ, 'एक्स' आणि 'एस-एच' या दोघांना श लिहिण्यातही अडचण येत नाही, कारण तेच.

साध्या 'झेड'साठी मराठीकडे जो ध्वनी आहे तो हिंदीकडेही नाही. 'चाक' आणि 'चोर' यांतला दंततालव्य च म्हणजे पिनयिनचा 'झेड'. लिपीत आपण तो 'चहा'तल्या च-पासून वेगळा दाखवत नाही, म्हणून छापताना 'त्स' लिहावे. 'सी' हा त्याचाच महाप्राण जोडीदार. त्याला मराठीत अक्षर नाही, तेव्हा तिथेही 'त्स'वर भागवावे लागते. चीन अलीकडे इंग्रजी मजकुरातही तिबेटसाठी जे नाव वापरू लागला आहे ते 'झिझांग' नव्हे, शी-त्सांग. अरुणाचल प्रदेशासाठी तो वापरतो ते नाव 'झांगनान' नव्हे, त्सांग-नान. अशा दाव्यांचा प्रतिवाद करतानाही नाव बरोबर लिहिलेले बरे.

व्यंजने सोपी आहेत; खरी गफलत होते ती स्वरांत. पिनयिनचा 'ई' (मागे-पुढे दुसरा स्वर नसेल तर) हा ए नसून आपल्या अ-च्या जवळचा आहे. म्हणून 'डेंग' नव्हे, तंग. 'चेंगडू' नव्हे, छंगतू. 'ओ-एन-जी' म्हणजे उंग, म्हणून 'चोंगकिंग' नव्हे, छुंग-छिंग. 'आय-ए-एन' म्हणजे येन, म्हणून 'तिआनमेन' नव्हे, थ्येन-आन-मन. 'सी', 'झेड', 'एस' आणि त्यांच्या 'एच'वाल्या भावंडांनंतर येणारा 'आय' हा इ नसतोच, नुसता ओढलेला अस्फुट स्वर असतो, म्हणून 'सिचुआन' हे खरे तर सछ्वान. इथे मराठीचीही एक मर्यादा सांभाळावी लागते. शब्दाच्या शेवटचा अ आपण गिळतो, त्यामुळे तैवानच्या अध्यक्षांचे नाव 'लाइ छिंग-त' असे लिहिले तर त-चा अ वाचलाच जाणार नाही. तिथे 'छिंग-ते' चालवून घ्यावे. फ-चेही तसेच. हल्ली तो अनेकांच्या तोंडी दातओठी (इंग्रजी 'एफ'सारखा) झाला आहे आणि चिनीत दातओठी फ वेगळा आहे. हा तोटा सोसण्यावाचून इलाज नाही.

अनुस्वाराकडे मात्र कटाक्षाने लक्ष द्यावे. चिनीत 'न' आणि 'ङ' यांनी संपणारी अक्षरे वेगवेगळी असतात आणि मराठी अनुस्वार पुढच्या व्यंजनाप्रमाणे रंग बदलतो. नुसता अनुस्वार देऊन 'क्वांचोउ' लिहिले की वाचक 'क्वान्चोउ' म्हणतो. तेव्हा 'न' असेल तिथे न-च लिहावा, अनुस्वार देऊ नये. 'ङ' असेल तिथे 'ंग' लिहून पुढे संयोगचिन्ह द्यावे: क्वांग-चोउ (ग्वांगझोउ), क्वांग-तुंग (ग्वांगडोंग), पण शान-तुंग (शानडोंग). पिनयिनमधला वरचा स्वल्पविराम (अपॉस्ट्रॉफी) गाळू नये. तो असला तर शी-आन, मातीच्या सैनिकांचे शहर. गाळला तर श्येन, ज्याचा अर्थ तालुक्यासारखा प्रशासकीय विभाग.

आरोह-अवरोह वृत्तपत्रात दाखवता येत नाहीत आणि दाखवायची गरजही नाही, एक अपवाद सोडून. शानशी नावाचे दोन प्रांत शेजारी शेजारी आहेत, फरक फक्त पहिल्या अक्षराच्या सुरात. रोमन लेखनात त्यातल्या एकाला मुद्दाम जास्तीचा 'ए' देतात. मराठीत दरवेळी राजधानीचे नाव जोडावे: 'थाय-य्वेन राजधानी असलेला शानशी' आणि 'शी-आन राजधानी असलेला शानशी'.

आता दुसरी बाजू. वरचे सगळे नियम फक्त फूथुंगह्वाला आणि फक्त पिनयिनला लागू आहेत. 'चिनी भाषा' या एका नावाखाली पेइचिंगची उत्तरी बोली, शांघायची वू, क्वांग-तुंग आणि हाँगकाँगची य्वे म्हणजे कँटनी, फूच्येन (फुजियान) आणि तैवानची मिन, शिवाय हक्का, श्यांग, कान असे मोठे गट येतात आणि त्यांचे बोलणारे एकमेकांना समजत नाहीत. लिहिलेले अक्षर एकच, पण आडनाव पेइचिंगमध्ये छन, हाँगकाँगमध्ये छान आणि सिंगापूरच्या होक्किएन (मिन गटातली एक बोली) बोलणाऱ्या कुटुंबात तान. तिथे 'टी' पाहून 'थान' लिहिले तर चूक, कारण होक्किएनमध्ये ते अक्षर अल्पप्राण आहे आणि सिंगापूरची आडनावे सहसा पिनयिनमध्ये नसतात. हाँगकाँगच्या रोमन लेखनात तर 'सी-एच' हे च आणि छ दोन्हींसाठी येते. तेव्हा हाँगकाँग आणि सिंगापूरच्या व्यक्ती आपले नाव जसे उच्चारतात तसे लिहावे. पिनयिनचे नियम लावू नयेत.

तैवानमध्ये तिसरीच व्यवस्था. तिथली बहुतेक नावे वेड आणि जाइल्स या ब्रिटिश अभ्यासकांच्या एकोणिसाव्या शतकातल्या पद्धतीने लिहिलेली आहेत. त्या पद्धतीत 'टी' म्हणजे त आणि वर स्वल्पविराम दिला की थ. पासपोर्टवर आणि बातम्यांत तो स्वल्पविराम गळतो, आणि थाइपेइ (हेच बरोबर) की ताइपेइ हे नुसत्या रोमन अक्षरांवरून कळेनासे होते. तिथले बंदराचे शहरही 'काओहसिउंग' नव्हे, काओ-श्युंग आहे. जुन्या मराठी पत्रकारांची 'माओ त्से तुंग' आणि 'चौ एन लाय' ही रूपे याच पद्धतीतून आली. ती आजच्या 'माओ झेडोंग' आणि 'झोउ एनलाई' यांच्यापेक्षा खऱ्या उच्चाराच्या बरीच जवळ आहेत. ती बदलून आपण मागे गेलो.

शंका आली की मूळ अक्षरे पाहावीत. चिनी अक्षरांना सरसकट 'चित्रलिपी' म्हटले जाते, पण बहुसंख्य अक्षरांत एक भाग अर्थाचा आणि एक भाग उच्चाराचा असतो. मुख्य भूमीवर आणि सिंगापुरात सोपी केलेली अक्षरे चालतात, हाँगकाँग, मकाव आणि तैवानमध्ये पारंपरिक. एका रूपाने शोध घेऊन नाव सापडले नाही तर दुसऱ्या रूपाने शोधावे. यंत्राने दिलेला उच्चार तपासावा, कारण एकाच अक्षराचे दोन उच्चार असू शकतात. छुंग-छिंगमधले पहिले अक्षर 'जड' या अर्थाने आले तर 'चुंग' वाचले जाते. आणि आडनाव आधी येते, म्हणून 'शी म्हणाले'. 'चिनफिंग म्हणाले' नव्हे.

महाराष्ट्राचा या विषयाशी जुना संबंध आहे. सातव्या शतकात पुलकेशीच्या राज्यात आलेल्या श्वेन-त्सांग या बौद्ध भिक्षूला आपली पाठ्यपुस्तके 'ह्युएनत्संग' म्हणतात. त्याने आपल्या प्रदेशाचे नाव ज्या चार अक्षरांत लिहिले ती आज 'मो-ह-ला-छा' अशी वाचतात. त्या काळच्या उच्चारात, भाषाशास्त्रज्ञांच्या पुनर्रचनेप्रमाणे, ती साधारण 'मा-हा-लात्-ठा' होती, म्हणजे प्राकृत 'महारट्ठ' त्याने कानाला ऐकू आले तसे टिपले. तिसऱ्या अक्षराच्या शेवटचा त् उत्तर चीनमध्ये झिजून गेला, कँटनीत तो अजून आहे.

सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस १९३८ साली भारतीय वैद्यकीय पथकातून चीनला गेले आणि ९ डिसेंबर १९४२ रोजी तिथेच वारले. त्यांचे चिनी नाव ख तीह्वा. यातला 'ह्वा' म्हणजे चीन; पथकातल्या पाचही डॉक्टरांनी तो आपल्या चिनी नावाच्या शेवटी घेतला होता. त्यांच्या पत्नी क्वो छिंगलान आणि मुलगा यिनह्वा, म्हणजे भारत-चीन. मराठीतल्या लेखांत छिंगलान यांचे नाव 'क्विंगलान' आणि 'किंगलान' असे दोन्ही प्रकारे छापून येते. निदान हे एक नाव तरी महाराष्ट्रात शुद्ध लिहिले जावे, अशी कळकळीची विनंती आहे.

शांघाय, बीजिंग, हाँगकाँग ही रुळलेली नावे बदलायला सांगत नाही. पण सूर वगळले तर प्रमाण चिनीत सुमारे ४०० अक्षरध्वनी आहेत, त्यापलीकडे नवे नाव येऊच शकत नाही. तेवढ्या घरांचा एक तक्ता, डावीकडे पिनयिन आणि उजवीकडे देवनागरी, उपसंपादकांच्या टेबलावर असला तर प्रत्येक बातमीला नव्याने डोके चालवावे लागणार नाही. सुरुवातीचे काही महिने नाव पहिल्यांदा येईल तिथे जुने रूप कंसात द्यावे, नंतर ते काढून टाकावे.

आपला,
चिनी भाषेचा एक अध्यापक, पुणे