दगड फेकू नकोस, आधी हे वाच

प्रिय मित्रा,

तुझा मेसेज वाचला आणि फोनवर नीट बोलता येणार नाही म्हणून लिहायलाच बसलो. बाबांच्या टेबलावरचा तो काळा गोटा, हात लावला की शेवटचं भांडणच आठवतं, म्हणून नदीत टाकून मोकळा होतो म्हणतोस. टाकू नकोस रे. नदीत गेला तरी भांडण तुझ्याकडेच राहणार आणि बाबांचा हात रोज ज्याच्यावर असायचा ती एकच गोष्ट हातची जाईल. मी तुझ्यासाठी एक विधी रचलाय, हो, स्वतः रचलाय, कुठल्या पोथीत नाही, पण खूप विचार करून रचलाय त्यामुळे मनापासून कर.

आधी दगड ओळख. फोटोत त्याच्यावर पांढरी रेघ दिसते, तिच्यावर चाकूचं टोक ओढून बघ, ओरखडा उठला नाही आणि उलट पोलादाचीच करडी खूण राहिली तर ती गारगोटी, म्हणजे क्वार्ट्झ, खनिजांच्या १ ते १० या मोह्स मापावर कठीणपणा ७. ओरखडा उठला तर मला सांग, मग थोडं वेगळं करू. हे आधी करायचं कारण लोक कुठलाही दगड रात्रभर मिठाच्या पाण्यात घालून ठेवतात. सेलेनाइट म्हणजे जिप्समच, नखानेही ओरखडतो, पाण्यात हळूहळू विरघळतो आणि पायराइट, म्हणजे लोखंड-गंधकाचं सोनेरी दिसणारं खनिज, ओला राहिला की गंजतो. आणि आगीत तर अजिबात नको! नदीतल्या गोट्याच्या बारीक फटींत पाणी मुरलेलं असतं, तापलं की वाफ होऊन दगड फुटतो, तुकडे उडतात, डोळे जायचे.

आता मुख्य गोष्ट. दगडाला आठवण असते हे मी तुला बरं वाटावं म्हणून म्हणत नाहीये. गारगोटीचा कण अंधारात गाडलेला असला की आजूबाजूच्या मातीतल्या किरणोत्साराने त्याच्यातले इलेक्ट्रॉन सुटतात आणि स्फटिकातल्या बारीकसारीक दोषांमध्ये अडकून बसतात, वर्षानुवर्षं साठत राहतात. किती साठलेत ते मोजून शास्त्रज्ञ सांगतात की हा कण उजेडापासून किती हजार वर्षं लांब होता. आणि तोच सुटा कण उन्हात आला की काही मिनिटांत जवळजवळ रिकामा होतो, अडकलेलं सुटतं आणि सुटताना किंचित प्रकाश देतं. हे वाचलं तेव्हा मला तूच आठवलास, खरंच. म्हणून माझ्या विधीत मीठ नाही, धूर नाही, फक्त अंधार आणि ऊन आहे.

तर असं कर. रात्री दगड जाड काळ्या कापडात गुंडाळ, खोलीत दिवा नको, मोबाईल बाहेर. दोन्ही हातांत धर आणि त्या दिवशी बाबा काय बोलले आणि तू काय बोललास ते शब्दन्‌शब्द मोठ्याने सांग. मनातल्या मनात नाही, आवाज फुटला पाहिजे. सफाई द्यायची नाही, "पण मी म्हणालो कारण" असं एकही वाक्य नको. रडू आलं तर येऊ दे, थांबू नकोस. बोलून झालं की कापडाची गाठ मार आणि झोप. सकाळी ऊन चांगलं वर आलं की बाहेर येऊन गाठ सोड, साध्या पाण्याने दगड धू, अंगठ्याने ती पांढरी रेघ चोळून घे आणि उन्हात ठेव. दुपारी एकदा पालथा कर. (दुसऱ्या कुणाला सांगशील तर लक्षात ठेव, जांभळा अॅमेथिस्ट असेल तर दिवसभर नको, उन्हाने त्याचा रंग उडू शकतो, सकाळचं थोडंसं पुरे.) संध्याकाळी उचल तेव्हा तो गरम असेल, तसाच हातात धर, गार होईपर्यंत सोडू नको आणि तेवढा वेळ बाबांची भांडणाआधीची कुठलीही गोष्ट आठव. फालतू असली तरी चालेल.

तू विचारशील की मग सगळंच पुसलं जाणार का. नाही. अखंड दगडात ऊन एका दिवसात फार आत जात नाही, वरचा अगदी पातळ थर तेवढा मोकळा होतो, आतलं तसंच राहतं. मला हेच हवं होतं. जिथे तुझा हात लागतो तेवढी जागा मोकळी झाली तर तुला दगड धरता येईल, आणि आतलं राहिलं तर तो बाबांचाच राहील. दगडाची आणखी एक, खोलवरची आठवण असते: लाव्हाचा दगड थंड होताना त्या वेळी चुंबकीय उत्तर दिशा कुठे होती ते त्याच्यातल्या मॅग्नेटाइटमध्ये, म्हणजे लोखंडाच्या चुंबकीय खनिजात, कोरलं जातं आणि ते पुसायचं तर ५८० अंश सेल्सिअसच्या वर तापवावं लागतं. सुमारे ७ लाख ८० हजार वर्षांपूर्वी पृथ्वीचे चुंबकीय ध्रुव उलटले, त्याआधीच्या कितीतरी दगडांत अजून उलटीच दिशा आहे. तेवढी आग आपल्याला लावायचीच नाहीये.

ढगाळ दिवस असेल तर थांब, स्वच्छ ऊनच हवं. आणि रात्रीचा भाग एकट्यानेच करायचा, पण सकाळी मी येतो, गाठ सोडताना तिथे असेन, मधे काही बोलणार नाही. दिवस ठरला की कळव, आणि तोवर गोटा टेबलावरून हलवू नकोस.

तुझाच