दलदल ही शिवी नव्हे

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

माझी नात पाचवीत आहे. शाळेत ‘माझ्या कल्पनेतील गाव’ असा निबंध होता. तिने एका जादूच्या दलदलीबद्दल लिहिलं. गावाचं नाव बुडबुडी. तिथली झाडं जमिनीतून नाकं वर काढून श्वास घेतात, म्हणून ओहोटीच्या वेळी कुणी मोठ्याने बोलायचं नाही. झाडं आपली लेकरं अंगावरच वाढवतात आणि पाय फुटले की खाली सोडतात. मासे चालत शेजाऱ्यांकडे जातात. रात्री कोल्हा राखणीला फिरतो. देवीचं नाव चिखलाई, तिची ओटी नारळाने नाही तर मूठभर चिखलाने भरायची. अमावस्येला पाणी उंबऱ्याशी येतं तो वर्षातला मोठा सण, आणि त्या दिवशी दारासमोर रांगोळी घालण्याचा मान खेकड्यांचा.

वही परत आली तेव्हा खाली लाल शाईत शेरा होता : ‘कल्पना चांगली, पण दलदल ही घाण व रोगराईची जागा. बाग किंवा डोंगर निवडायला हवा होता.’

मी शिक्षिकेला दोष देत नाही. पोरगी मात्र हिरमुसली आणि मला म्हणाली, “आजोबा, तुमच्या पेपरातसुद्धा दलदल म्हणजे वाईटच असतं.” मी रद्दी काढून पाहिलं. भ्रष्टाचाराची दलदल, कर्जाची दलदल, राजकारणाची दलदल. पोरीचं खरं होतं. हे पत्र त्यासाठी.

मी भांडुप पूर्वेला राहतो. महामार्ग ओलांडला की खाडी. नातीच्या गावातलं बरंचसं तिथे आहे. तिवराची मुळं चिखलातून पेन्सिलीसारखी सरळ वर येतात आणि हवा घेतात, कारण त्या गाळात प्राणवायू जवळजवळ नसतोच. तिवराचं पान जिभेला लावून पाहा, खारट लागतं. झाड अंगातलं जास्तीचं मीठ पानावाटे बाहेर टाकतं. कांदळाचं बी झाडावरच रुजतं, हिरव्या शेंगेसारखं लांब लोंबतं आणि वेळ आली की गाळात उभं रुततं किंवा भरतीबरोबर नवी जागा शोधायला निघतं. चालणारा मासा म्हणजे आपली निवटी. पुढच्या परांवर रेलत ती चिखलावर सरकते, उड्याही मारते. बारके खेकडे बिळाभोवती चिखलाच्या गोळ्या मांडून ठेवतात. आणि कोल्हा! मुंबईच्या कांदळवनात सोनेरी कोल्हे आहेत हे आमच्या इमारतीत कुणाला पटत नाही.

चिखलाईचंही नवल वाटायला नको. महालक्ष्मी ते वरळी बांध घालताना तो पुन्हा पुन्हा ढासळत होता. मग बांधाचं काम पाहणाऱ्या रामजी शिवजी प्रभूंच्या स्वप्नात देवी आली, पाण्यातून मूर्ती काढल्या आणि बांध टिकला, अशी आख्यायिका आहे. अठराव्या शतकातली ही गोष्ट. म्हणजे या शहराची देवीच खाडीतून वर आलेली. उमरखाडीच्या नावात खाडी अजून शाबूत आहे. पायधुणीला लोक खाडी ओलांडून आल्यावर पाय धूत, असं सांगतात. आपण सारे भरावावर राहणारे, आणि चिखलाला नाक मुरडतो.

कोळीवाड्यातल्या म्हाताऱ्यांकडे या जगाचे वेगळे शब्द आहेत. अमावस्या-पौर्णिमेचं ते उधाण, अष्टमीच्या सुमाराचं मंद पाणी तो भांग. दलदल हा शब्द ते क्वचितच वापरतात, ते खाजण म्हणतात. खाजण म्हटलं की कालवं, शिंपल्या, चिंबोऱ्या, पोटाला चार घास. त्यात तिरस्कार नाही.

सरकारदरबारी तरी चित्र थोडं बदललं आहे. ठाणे खाडीचं फ्लेमिंगो अभयारण्य २०१५ मध्ये जाहीर झालं, २०२२ मध्ये ते रामसर स्थळ, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा, ठरलं. पांढरी चिपी २०२० मध्ये राज्याचा कांदळवृक्ष ठरली. बोलण्यातली दलदल मात्र होती तिथेच आहे, आणि ज्या जागेच्या नावाने आपण रोज नाक मुरडतो तिच्यावर रात्रीत डेब्रिजचा ट्रक रिकामा झाला तर कुणाला वाईट वाटणार? २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिमी पाऊस पडला. तेव्हा कंबरभर पाण्यातून घरी आलेल्यांपैकी मी एक आहे. पाणी पसरायला उरलेल्या सखल जागांची किंमत मला त्या रात्री कळली.

आपल्याला विनंती एवढीच. भ्रष्टाचाराला भ्रष्टाचार म्हणा, कर्जाला कर्ज म्हणा, मथळ्यात दलदलीला ओढू नका. आणि मुलांच्या पानावर कधी कोळीवाड्यातल्या एखाद्या आजीकडून खाजणाच्या गोष्टी लिहून घ्या. चकव्याच्याही चालतील, मुलं घाबरत नाहीत.

उधाणाच्या दिवसांत ओहोटीही खोल जाते आणि चिखल दूरवर उघडा पडतो. येत्या अमावस्येला नातीला घेऊन ऐरोलीच्या जैवविविधता केंद्रात जाणार आहे. निबंधाची वही बरोबर घ्यायची, असं तिने बजावलं आहे.

आपला,
एक वाचक, भांडुप (पूर्व), मुंबई